देवाकडचे मोजके साचे

शकूआत्याबरोबर एसटीनं प्रवास करायचा म्हणजे अनोळखी माणसांची माफी मागायची तयारी ठेवूनच निघावं लागतं.

परवाचीच गोष्ट. वडखळच्या नाक्यावर गाडी थांबली होती. एक गृहस्थ टपरीपाशी उभे राहून वडापाव खात होते. आत्या खिडकीतून त्यांच्याकडे एकटक बघत राहिली. मग उठली, खाली उतरली आणि थेट त्यांच्यासमोर जाऊन म्हणाली, "हा चेहरा तुमचा नाही."

गृहस्थांचा घास तोंडातच राहिला.

"आमच्या पेणला विठू न्हावी होते, त्यांचा आहे. भला माणूस होता. जपून वापरा."

एवढं सांगून ती जागेवर येऊन बसली. गाडी सुटेपर्यंत ते गृहस्थ उरलेला वडापाव एका हातात धरून दुसऱ्या हातानं आपला गाल चाचपत होते. मी खिडकीतून हात जोडले.

शकूआत्या म्हणजे माझ्या बाबांची थोरली बहीण. माहेर पेणचं, सासर रोह्याचं. प्राथमिक शाळेत शिक्षिका होती, आता निवृत्त आहे. मला रोह्याच्या एका केमिकल कंपनीत खरेदी विभागात नोकरी लागली तेव्हा बाबांनी मला तिच्याकडे ठेवलं. तेव्हापासून मी तिच्याच घरी राहते. नवऱ्याच्या मागे ती या घरात इतकी वर्षं एकटी राहिली, आणि मी येण्याआधी तिला कुणाची सोबत लागली असेल असं मला कधी वाटलं नव्हतं. गावभर तिच्या ओळखीचे चेहरे होते. काही जिवंत, काही नसलेले.

तिचा सिद्धांत सरळ आहे. पेणला तिच्या माहेराला लागूनच गणपतीचा कारखाना होता. लहानपणी ती तिथं जाऊन बसायची. एका साच्यातून वीस गणपती निघायचे, मग कुणाला पिवळं पितांबर, कुणाला निळा शेला, की झाले वेगळे. "देवाचंही तसंच आहे गो," ती म्हणते. "साचे मोजके. माणसं अमाप. एकानं चेहरा ठेवला की तो धुऊनपुसून दुसऱ्याला देतात. कधी तान्ह्याला, कधी चालत्याबोलत्या माणसालाही."

'वारला' हा शब्द ती वापरतच नाही. आपण 'देह ठेवला' म्हणतो तसं ती 'चेहरा ठेवला' म्हणते. तान्हं बाळ बघायला गेली की पहिला प्रश्न, "कुणाचा आणलाय?" नदीपलीकडच्या अष्टमी गावात एका घरी तिनं नातवाकडे पाच मिनिटं रोखून पाहिलं आणि गंभीरपणे सांगितलं, "कुणाचाच नाही. नवा साचा आहे." त्या आजीनं आनंदानं पुन्हा पेढे वाटले.

लोक हसतात. मीही हसायचे. पण मग सोमीची गोष्ट घडली.

नदीकाठच्या वाडीवरची सोमी आमच्याकडे चिंबोऱ्या, म्हणजे खेकडे, विकायला यायची. मागे तिचा काळा कुत्रा. सोमी गेली आणि तो कुत्रा पुलाच्या तोंडाशी बसू लागला. कुणी बोलावलं तरी उठायचा नाही, कुणी भाकरी टाकली तर ते माणूस लांब गेल्यावर खायचा. पुढं दीडेक वर्षानं आमच्या बँकेत नवी मुलगी आली, लांब विदर्भातली. आत्या पासबुक भरायला गेली, काचेतून तिच्याकडे पाहिलं आणि घरी येऊन मला म्हणाली, "वैशू, सोमी बँकेत बसलीय."

दुसऱ्या दिवशी मी मुद्दाम गेले. मला काही तसं दिसलं नाही. गोरी, चष्मा लावलेली मुलगी. कुठं सोमी आणि कुठं ही! बाहेर पडले तर बँकेच्या पायरीवर तो काळा कुत्रा बसलेला. शिपाई म्हणाला, "काल संध्याकाळी मॅडम पुलावरनं चालत गेल्या, तवापासून हा पाठच सोडत नाय."

त्या दिवसापासून आत्या कुणाकडे रोखून बघायला लागली की माझ्या अंगावर काटा येतो.

गेल्या वर्षी आमच्या कंपनीनं चीनमधून एक मशीन घ्यायचं ठरवलं. ते बनवणारा कारखाना शिआन नावाच्या जुन्या शहराजवळ होता. तपासणीसाठी मला आठ दिवस जायचं होतं. जेवताना मी आत्याला मोबाईलवर शिआनचे फोटो दाखवत होते. शहराचा कोट, मनोरे, आणि जमिनीखालून निघालेलं मातीच्या सैनिकांचं ते सैन्य.

"दोन हजार वर्षांपूर्वी राजाबरोबर पुरलेले आहेत," मी म्हटलं. "हजारो आहेत. आणि म्हणे एकाचा चेहरा दुसऱ्यासारखा नाही."

आत्याचा हात ताटातच थांबला. तिनं चष्मा पुसला, मोबाईल डोळ्यांजवळ नेला.

"हजारो?"

"हो."

"सगळे वेगळे?"

"असं म्हणतात."

ताट धुऊन ठेवून ती परत आली. "मी येते तुझ्याबरोबर."

मी भाषेचं सांगितलं, थंडीचं सांगितलं, तिकडं काय काय खातात ते जरा वाढवूनच सांगितलं. ती ऐकत होती, पण कपाटातून पासपोर्टही काढत होती. निवृत्त शिक्षकांच्या कुठल्याशा सहलीसाठी काढलेला तो पासपोर्ट एकदाही वापरला नव्हता. मला वाटलं, हिला आपला सिद्धांत तपासून बघायचाय. तिथं सगळे साचे एका जागी मिळणार. मी फार ताणलं नाही.

शिआनला पोचल्यावर पहिले दोन दिवस मी कारखान्यात आणि आत्या हॉटेलच्या खिडकीत. तिसऱ्या दिवशी मला मोकळीक मिळाली तसं आम्ही शहर बघायला निघालो. शहराभोवतीचा कोट एवढा रुंद की वरून सायकली चालतात. आत्यानं तो पावलांनी मोजून पाहिला आणि म्हणाली, "आपली बाजारपेठ वर आणून मांडली तरी बैलगाडीला जागा उरेल." मधोमध घंटेचा मनोरा, थोड्या अंतरावर नगाऱ्याचा मनोरा. जुन्या काळी सकाळ घंटेनं व्हायची, संध्याकाळ नगाऱ्यानं. "म्हणजे शाळाच," आत्या म्हणाली.

पण रस्त्यावरच्या माणसांकडे बघून ती काहीच बोलत नव्हती. मला हायसं वाटलं. म्हटलं, इथले साचे वेगळे असणार.

चौथ्या दिवशी सकाळी आम्ही रस्त्यावरच्या गाडीवर नाश्ता करत होतो. तांदळाच्या पिठाच्या वाफवलेल्या लांब पट्ट्या, वर व्हिनेगर आणि तिखटाचं तेल. विकणारी बाई गोल चेहऱ्याची, गप्प. आत्यानं चॉपस्टिक खाली ठेवल्या.

"निडी स्टेशनवर तिकीट देणारी."

"आत्या, नको ना."

"बघ तरी."

आमच्या रोह्याजवळच्या निडीची ती बाई मलाही आठवत होती. तिकीट देण्याआधी ते लाकडी फळीवर दोनदा टकटक आपटायची तिला सवय होती. मी समोर पाहिलं. गाडीवरच्या बाईनं पुढच्या गिऱ्हाइकाचा वाडगा भरला, उचलला आणि देण्याआधी फळीवर दोनदा आपटला. टक. टक.

मी उरलेला नाश्ता टाकून उठले.

दुपारी आम्ही त्या सैन्याकडे गेलो. शहरापासून बसनं तासाभरावर. विमानं ठेवतात तसलं प्रचंड छप्पर, त्याखाली खोल चर, आणि चरांत रांगांनी उभी असलेली माणसं. मातीची आहेत हे माहीत असूनही आत पाऊल टाकल्यावर आवाज खाली येतो. वर कठड्याला धरून हजारभर पर्यटक, आणि खाली ते. सगळे आपल्या दिशेनं तोंड करून उभे. ओल्या मातीचा वास येत होता. पेणला श्रावणात कारखान्यांच्या गल्लीत येतो अगदी तसाच.

आत्यानं पिशवीतून दुर्बीण काढली आणि एका टोकापासून सुरुवात केली. शाळेत हजेरी घेत असावी तशी.

"हा आपल्या पोस्टातला. हा अष्टमीचा चादरीवाला. हा तुमच्या कंपनीत गेटवर होता बघ, सायकल ढकलत यायचा. हा नाही ओळखीचा. हा पण नाही. हा चौथीतला तो तोतरा पोरगा, मोठा झाल्यावर असा दिसत असेल."

आधी मी हसत होते. मग तिनं दुर्बीण माझ्या हातात दिली आणि हसणं थांबलं. पोस्टातला खरंच पोस्टातला होता. तीच पुढं आलेली हनुवटी. मी दुर्बीण सरकवत गेले. पाचव्या रांगेत, खांबाच्या जरा अलीकडे, माझे बाबा उभे होते.

बाबांना जाऊन तेव्हा तीन वर्षं झाली होती. कपाळ तेच. एका बाजूनं जरा वर गेलेली मिशी तीच. ऐकू आलं नाही की ते ओठ किंचित उघडून थांबायचे, तसे ओठ उघडे होते.

"बघितलास ना?" आत्या हळूच म्हणाली. "मी मुद्दामच बोलले नाय."

मी कठडा घट्ट धरला. कुणीतरी माझ्या खांद्याला खांदा घासून पुढं गेलं आणि मी पुन्हा पाहिलं तेव्हा ती रांग मला सापडेना. दहा वेळा मोजली. खांब होता, पाचवी रांग होती, पण तिथं कुणी दुसराच होता.

आत्या तोवर पुढं निघाली होती. मागच्या बाजूला, जिथं मोडके सैनिक जोडायचं काम चालतं, तिथं ती थांबली आणि तिथून हललीच नाही. मी जवळ गेले. तिच्यासमोर एक सैनिक उभा होता. हात, पाय, चिलखताची एकेक पट्टी शाबूत. मान मात्र रिकामी. डोकं नव्हतं.

"आत्या, चल ना. बस चुकेल."

"खांदे त्यांचे आहेत," ती म्हणाली.

"कुणाचे?"

"तुझ्या काकांचे. डावा जरा उतरता. तसाच आहे."

काकांबद्दल, म्हणजे आत्याच्या नवऱ्याबद्दल, मला एवढंच माहीत होतं की लग्नाला आठ महिने झाले आणि ते तापानं गेले. त्यांचा फोटो घरात कुठंही नाही, आणि का नाही हे मी कधी विचारलं नव्हतं.

"फोटो होते गो," आत्या त्या सैनिकाकडेच बघत बोलत होती. "नदीला पूर आला तेव्हा पाणी खिडकीपर्यंत चढलं. पाणी उतरल्यावर अल्बम उघडला, तर नुसते पांढरे कागद. तेव्हा मी रडलेही नाही. म्हटलं, फोटो गेले तर जाऊ देत, मला आठवतात ना. आणि मग एक दिवस डोळे मिटून बघते, तर नायत. माझ्या हाताखालून गेलेलं एकेक पोर आठवतं. विठू न्हावी आठवतो. सोमी आठवते. आणि ज्या माणसाबरोबर सात पावलं चालले, त्याचं नाक आठवत नाही."

तिनं चष्मा काढून पुसला.

"म्हटलं, साचा कुणाकडे तरी गेला असेल. समोर आला तर ओळखेन. म्हणून बघत असते सगळ्यांकडे. इथं एवढे हजारो आहेत म्हणालीस, तर म्हटलं, बघून यावं."

इतकी वर्षं नाक्यांवर, गाड्यांत, बँकेत तिनं अडवलेली ती सगळी माणसं माझ्या डोळ्यांपुढून गेली. लोकांना वाटायचं, म्हातारी गंमत करते. मलाही तसंच वाटायचं.

"खांदे तरी बघितले," ती म्हणाली, आणि दुर्बीण पिशवीत ठेवली.

संध्याकाळी आम्ही नगाऱ्याच्या मनोऱ्यामागच्या गल्लीत गेलो. तिथं मुसलमानांची जुनी वस्ती आहे, आणि खाण्याच्या गाड्यांची नुसती दाटी. कुणी लाकडी मोगरीनं शेंगदाण्याची चिक्की कुटतंय, कुणी केशरी फळांच्या तळलेल्या पुऱ्या काढतंय, कुणी मटणाच्या रश्श्यात रोटी बारीक कुस्करून देतंय. आत्या मटण खात नाही, म्हणून आम्ही एका कोपऱ्यावरच्या दुकानापाशी थांबलो. मोठ्या पातेल्यात चिकट तांदूळ आणि लाल बोरं थरांनी लावून वाफवलेली होती. पांढरी टोपी घातलेला पन्नाशीचा माणूस सुरीनं त्याचे काप काढत होता.

त्यानं मान वर केली, आत्याकडे पाहिलं, आणि त्याच्या हातातली सुरी खाली पडली.

तो जलद काहीतरी बोलू लागला. मी घाईघाईनं मोबाईलवरचं भाषांतराचं यंत्र सुरू करून त्याच्यापुढं धरलं. त्या मोबाईलमधून एका बाईचा सपाट, कोरडा आवाज मराठीत म्हणाला, "आई, तुम्ही इतके दिवस कुठे होता."

गल्लीत एवढा गोंगाट, पण मला तो आवाज तेवढा ऐकू आला.

माणूस ओशाळला. पुन्हा हळूहळू बोलला. त्याचं आडनाव मा. आई चार वर्षांपूर्वी गेली. या बाई तिच्यासारख्या दिसतात, बसतील का थोडा वेळ? त्यानं स्टूल पुसलं, दोन बशा भरल्या, आतल्या बाजूला हाक मारली. त्याची थोरली बहीण बाहेर आली. तिनं आत्याची हनुवटी दोन बोटांत धरून चेहरा दिव्याकडे वळवला आणि तशीच उभी राहिली. मग शेजारच्या दुकानातले दोघं आले. सगळे नुसते बघत होते.

जन्मभर आत्या लोकांकडे बघत आली. कुणी तिच्याकडे असं बघतंय हे मी पहिल्यांदाच पाहिलं. ती अवघडून गेली होती.

मा यांनी आपल्या मोबाईलमधला आईचा जुना फोटो उघडून दाखवला. डोक्याला गडद रुमाल बांधलेली म्हातारी, याच दुकानापुढं बसलेली. फोटोत शकूआत्या होती. नाक, जिवणी, गालांवरच्या रेषा, सगळं. आत्यानं फोटो मोठा केला आणि तिचा हात आपोआप स्वतःच्या डाव्या भुवईकडे गेला. फोटोतल्या बाईची डावी भुवई मध्येच तुटलेली होती. आत्याची आहे तशीच.

"ही तर मी सात वर्षांची असताना झोपाळ्यावरून पडले त्याची खोक," ती पुटपुटली. "ही साच्यात कशी येईल?" मग घाबरून माझ्याकडे बघत, "आणि वैशू, मी अजून वापरतेय ना माझा चेहरा! दोघींना एकदम कसा दिला?"

ती ताडकन उठली. बशीतलं तसंच टाकून गल्लीबाहेर चालू लागली. मागून मा हाका मारत होते. हॉटेलच्या खोलीत गेल्यावर तिनं आधी आरशावर टॉवेल टाकला.

सकाळी मला वाटलं, आता ही परत जायचं म्हणणार. पण ती साडी नेसून तयार होती.

"चल. त्या माणसाकडे जाऊ."

"कालची भीती गेली?"

"भीती आहे. पण मला असं कुणी भेटलं असतं, तर मी त्याला पळून जाऊ दिलं असतं का? बसते जरा वेळ. बघू दे त्याला पोटभर."

त्यानंतरचे उरलेले दिवस आत्या त्या दुकानात बसली. मी माझं काम संपवून संध्याकाळी तिला आणायला जायचे. ती बोरांच्या बिया काढत असायची, मा काप काढत असायचे. गिऱ्हाईक नसलं की ते तिच्याकडे एक नजर टाकायचे आणि पुन्हा कामाला लागायचे. बहीण तिच्यापुढं दर अर्ध्या तासानं गरम पाणी आणून ठेवायची. "आडनावच मा," आत्या मला म्हणाली. "आता मी कुठं जाणार?"

शेवटच्या संध्याकाळी मा यांनी माझा मोबाईल मागितला आणि बराच वेळ त्यात बोलले. तो कोरडा आवाज म्हणाला, "आई रोज संध्याकाळी मला एक वाक्य विचारत असे. तू खाल्लेस का. तुम्ही एकदा विचाराल काय."

त्यांनी ते चिनी वाक्य दोनदा म्हणून दाखवलं. आत्यानं तीनदा प्रयत्न केला. तिन्ही वेळा काहीतरी भलतंच झालं असावं, कारण बहीण तोंडाला हात लावून हसू लागली. मग आत्यानं ते सोडून दिलं, मा यांच्या बाहीला हात लावला आणि म्हणाली, "जेवलास का रे?"

मा यांनी मान हलवली. जेवले नव्हते. आणि मग ते बोलत सुटले. किती तरी वेळ. मोबाईल माझ्या हातात होता, पण मी तो पुढं केला नाही. आत्या मध्ये मध्ये "व्हय?" "बरं" म्हणत होती.

याला आता वर्ष होत आलं. दर रविवारी दुपारी मा यांचा व्हिडिओ कॉल येतो. आत्या पाटावर भाजी निवडत बसते, मोबाईल डब्याला टेकवून ठेवलेला. तिकडं ते बोरं धूत असतात. दोघंही आपापल्या भाषेत बोलतात. भाषांतर करू का म्हणून मी एकदा विचारलं, तर तिनं नको म्हणून हात हलवला.

गेल्या रविवारी मी आतून येत होते. कॉलला अजून पाच मिनिटं होती. आत्या भिंतीवरच्या आरशासमोर उभी होती. तिनं सासरीही कधी डोक्यावर पदर घेतलेला नाही, ही गोष्ट ती आजही अभिमानानं सांगते. त्या दिवशी तिनं पदर डोक्यावरून नीट ओढून घेतला, कानांच्या मागे खोचला आणि हनुवटीखाली मुठीत धरून आरशात बघितलं. मी दिसले तशी जरा लाजली.

"त्याला रुमालातली सवय आहे गो," ती म्हणाली, आणि फोन वाजला तशी पाटावर जाऊन बसली.